चौथा तास अर्धा भरला

साडेतीन वाजले की जर्मन माणूस 'हाल्प फिअर' म्हणतो. हाल्प म्हणजे अर्धा, फिअर म्हणजे चार. ए-वनच्या वर्गात, म्हणजे जर्मनच्या अगदी पहिल्या पायरीवर, हे सांगितलं की बाकांवरून ठरलेली शंका येते: अर्धे चार म्हणजे दोन ना, मॅडम? दुसरं कुणीतरी इंग्रजीच्या भरवशावर साडेचार लिहून मोकळं होतं, कारण ब्रिटिश बोलण्यात 'हाफ फोर' म्हणजे साडेचारच. वर्गात या गोंधळाचं हसू होतं. पण तिकडे जाऊन घर बघायला तासभर उशिरा पोचलं, तर ते घर दुसऱ्याला मिळालेलं असतं.

यावर मी वणीच्या देवीचा आधार घेते. महाराष्ट्रात देवीची पीठं साडेतीन. कोल्हापूर, तुळजापूर, माहूर ही तीन पूर्ण आणि वणीची सप्तशृंगी अर्धी. प्रत्यक्ष दर्शनाला निघालात तर देवळं चारच लागतात, फक्त चौथं अर्धं धरलेलं असतं. जर्मन माणूस त्या चौथ्याकडे बोट दाखवून 'चौथं, अर्धं' म्हणतो. आपण आधीची तीन पुरी करून त्यांवर अर्धं ठेवतो. एवढं सांगितलं की सोलापूरकडची मुलं तर लगेच मान डोलावतात.

जर्मनांच्या लेखी तीनचा ठोका पडला की चौथा तास सुरू झाला, आणि यापुढे बोलायचं ते त्या भरत जाणाऱ्या तासाविषयी. म्हणून तीन पंचविसाला ते 'फ्युन्फ फोर हाल्प फिअर' म्हणतात, अर्ध्या चाराला पाच कमी. तीन पस्तिसाला 'फ्युन्फ नाख हाल्प फिअर', अर्ध्या चारावर पाच. या दोन्ही वाक्यांत तीनचं नावसुद्धा येत नाही, आणि नवशिक्याची दांडी उडते ती इथे. हे सगळं घरगुती घड्याळ झालं. स्टेशनवरची घोषणा, सरकारी पत्र, टीव्हीवरच्या बातम्या चोवीस तासांवर चालतात, तिथे 'फ्युन्फत्सेन उअर द्रायसिश' म्हणजे सरळ पंधरा तीस. या दोन घड्याळांची सरमिसळ मात्र करायची नाही. 'अर्धे सोळा' कुणी म्हणत नाही. म्हटलंच तर ऐकणारा हसेल.

आता यात परकं काय आहे, असं मला हल्ली वाटायला लागलंय. आपल्या 'अडीच'च्या मुळाशी 'अर्धतृतीय' आहे. अर्धा तिसरा. प्राकृतात त्याचं 'अड्ढाइज्ज' झालं आणि झिजत झिजत मराठीत 'अडीच'. साडेतीनलाही जुना शब्द आहेच: औट, म्हणजे अर्धचतुर्थ, अर्धा चौथा. 'औट घटकेचं राज्य' म्हणताना आपण साडेतीन घटकांचं राज्य म्हणत असतो. घटका चोवीस मिनिटांची, म्हणजे ते राज्य एक तास चोवीस मिनिटं टिकलं. जुन्या शाळांतून पावकी, निमकी, सवायकी, दिडकी यांच्याबरोबर औटकीही पाठ करून घेत. तेव्हाच्या पोराला हाल्प फिअर समजावायला वणीपर्यंत जावं लागलं नसतं.

जर्मनमध्येही ही वीण एके काळी घड्याळापुरती नव्हती. दीडला आजही 'आंडर्टहाल्प' म्हणतात. त्यातला 'आंडर' आता 'दुसरा, वेगळा' अशा अर्थाने उरलाय, पण पूर्वी तो मोजणीतला दुसरा होता. म्हणजे दुसरा, अर्धा. अडीचला 'द्रिटहाल्प' होता, तिसरा अर्धा, आपला अर्धतृतीयच. तो आता फक्त जुन्या ग्रंथांत सापडतो. आज अडीच किलो, साडेतीन तास वगैरेंसाठी तेही आपल्या साडेसारखं बोलतात: 'द्रायआइनहाल्प', तीन आणि वर अर्धा. त्यामुळे भारत आणि जर्मनी यांच्यात उन्हाळ्यात जो साडेतीन तासांचा फरक असतो तो द्रायआइनहाल्प, आणि त्यांच्याकडे दुपारचे बारा वाजले असता आपल्याकडे जे वाजलेले असतात ते हाल्प फिअर. मराठीत दोन्हीकडे साडेतीनच. (हिवाळ्यात त्यांचं घड्याळ तासभर मागे सरकतं आणि फरक साडेचारचा होतो. ज्यांची मुलं तिकडे आहेत त्या आईवडिलांना हे पंचांगापेक्षा पक्कं पाठ असतं.)

तर भर दुपारी आपलं मराठी घड्याळ अधूनमधून जर्मन चालतं. पावणेएक आपण सहसा म्हणत नाही, पाऊण म्हणतो, म्हणजे पहिला तास तीन चतुर्थांश भरला. मग दीड, मग अडीच. साडेएक, साडेदोन कानाला सहन होत नाहीत. तीननंतर आपण साडे लावायला लागतो आणि वाटा वेगळ्या होतात.

पाऊणच्या या हिशेबाला जर्मनीत सख्खं भावंड आहे, पण ते सगळ्या जर्मनीत भेटत नाही. १ एप्रिल १८९३ पासून देशभर कायद्याने एकच वेळ आहे. सव्वातीनला काय म्हणायचं ते मात्र कायद्याने ठरवलेलं नाही. पुस्तकातलं जर्मन 'फिर्टल नाख द्राय' म्हणतं, तीनवर पाव. सॅक्सनी, थुरिंगिया, बर्लिनचा परिसर आणि खाली नैर्ऋत्येला स्वाबियात सव्वातीनला 'फिर्टल फिअर' म्हणतात, नुसतं पाव चार. पावणेचार म्हणजे 'द्रायफिर्टल फिअर', पाऊण चार. तर्क तोच: चौथा तास पाव भरला, अर्धा भरला, पाऊण भरला. मला तर ही पद्धत पुस्तकातल्यापेक्षा सरळ वाटते. हांबुर्गचा माणूस मात्र 'फिर्टल फिअर' ऐकून जर्मन असूनही गोंधळतो, पावणेचार की सव्वाचार असं विचारत बसतो, आणि त्याचं खरं उत्तर या दोन्हींत नसतं.

हे मी एवढं लावून धरते, कारण माझ्यासमोरची बरीच मुलं नेमकी तिकडेच निघालेली असतात. स्वाबियातलं स्टुटगार्ट ही बाडेन-व्युर्टेम्बर्ग राज्याची राजधानी. मुंबईशी तिचं १९६८ पासून भगिनी-शहराचं नातं आहे, आणि २०२४ साली महाराष्ट्र सरकारने याच राज्याशी कुशल मनुष्यबळाचा करार केला. नर्सिंग झालेल्या मुली, इलेक्ट्रिशियन, हॉटेलात काम केलेले मुलगे संध्याकाळी दमून वर्गात येतात. त्यांना मी पुस्तकातलं फिर्टल शिकवते, परीक्षेत तेच विचारतात, आणि मग फळ्याच्या कोपऱ्यात स्वाबियाचं लिहून ठेवते. वॉर्डातली वरिष्ठ नर्स 'द्रायफिर्टल झेक्सला या' म्हणाली तर पावणेसहाला हजर राहायचं आहे.

आकड्यांचं दुखणं त्यामानाने किरकोळ. सत्तेचाळीसला जर्मन 'झीबनउंटफिर्त्सिश' म्हणतो, सात आणि चाळीस. इंग्रजीतून येणारे यावर कपाळाला हात लावतात. पण सत्तेचाळीस म्हणजे तरी काय, आधी सात आणि मग चाळीस! या क्रमावरून तिकडेही वाद आहेत. 'एकवीस'ऐवजी 'वीस-एक' म्हणावं अशी मागणी करणारी 'त्स्वान्त्सिगआइन्स' नावाची संस्थाच आहे. आपल्याकडे २०१९ साली बालभारतीच्या दुसरीच्या गणितात संख्यावाचनाची तशीच पद्धत आली आणि केवढा गहजब झाला ते आठवत असेल. गाडी नऊ सत्तेचाळीसला असेल तर मराठी मुलाने आकडा मराठीत ऐकावा आणि मराठीतच लिहावा. मध्ये इंग्रजी आणलं की नऊ चौऱ्याहत्तर होतात.

वेळ विचारण्यातली एक गोष्ट मात्र किरकोळ नाही, आणि तिच्यातूनच आम्ही क्रियापदांच्या काळांवर जातो. मराठीत आपण विचारतो, किती वाजले? उत्तर येतं, तीन वाजले. दोन्ही वाक्यं भूतकाळी. ठोके पडून गेले, मग आपण मोजले. चार वाजून दहा मिनिटं 'झाली', साडेचार 'वाजून गेले'. जर्मन मात्र वर्तमानात उभा राहून विचारतो, 'वी श्पेट इस्ट एस', किती उशीर आहे, आणि उत्तर 'एस इस्ट द्राय उअर', तीन आहेत. म्हणून नवशिकी मराठी मुलं घड्याळ सांगताना भूतकाळ शोधत बसतात आणि विचारतात, वाजलेचं जर्मन क्रियापद कोणतं? तिथे तसं काही लागत नाही, नुसतं 'आहे' पुरतं.

एका अर्थी हे सोयीचंच, कारण पहिले कित्येक आठवडे त्यांच्याकडे भूतकाळ नसतोच. बहुतेक पाठ्यपुस्तकं पेर्फेक्ट, म्हणजे बोलण्यातला भूतकाळ, ए-वनच्या शेवटाकडे आणतात. तोवर वर्गाला 'काल' नसतो. मी उठते, मी चहा पिते, मी कामावर जाते. सोमवारी सगळे ताजे होऊन येतात, शनिवार-रविवारी काय केलं ते सांगायची खुमखुमी असते, आणि भाषा म्हणते, थांबा. हा क्रम मला कधी पटलेला नाही. माणूस भेटल्यावर बोलतो ते झालेल्या गोष्टींबद्दल. म्हणून मी पुस्तक ओलांडून पेर्फेक्ट लवकर आणते.

आणलं की पहिला खोडा हाबन आणि झाइनचा. जर्मनमध्ये झालेली क्रिया सांगायला सोबत एक सहायक लागतो, कधी 'असणे' (झाइन), कधी 'जवळ असणे' (हाबन). मी गेले: 'इश बिन गेगांगन'. मी आंबा खाल्ला: 'इश हाबे आइने मांगो गेगेसन'. पुस्तकातला नियम सांगतो, हालचाल किंवा स्थितीबदल असेल तर झाइन, बाकी हाबन. लगेच शेपूट येतं: 'राहणे' (ब्लाइबन, थांबून राहणे या अर्थी) या क्रियापदालाही झाइन, जरी त्यात ना हालचाल ना बदल. मुलं वहीत चौकट करून पाठ करतात.

आपल्याला शाळेत कर्तरी आणि कर्मणी प्रयोग शिकवून ठेवलेत, ते इथे उपयोगी पडतात. मी गेलो, मी गेले: क्रियापद जाणाऱ्यावर अवलंबून, कर्तरी. मी आंबा खाल्ला, मी पोळी खाल्ली: खाणारी मीच, पण क्रियापद खाल्लेल्या वस्तूच्या मागे गेलं, कर्मणी. जिथे मराठी भूतकाळात क्रियापद कर्माच्या मागे जातं तिथे जर्मनमध्ये डोळे मिटून हाबन लावावं. आणि जिथे ते कर्त्याला धरून राहतं तिथे झाइनची शक्यता तपासावी: आले, पडले, उठले, मेला, झाला, आणि तो शेपटातला 'राहिले' सुद्धा. पुस्तकाला ज्याच्यासाठी अपवाद लिहावा लागला तो मराठीत नियमातच बसतो.

उलट बाजूने हा नियम गळतो, हेही मी सांगून टाकते. हसले, रडले, नाचले, झोपले, ही मराठीत कर्तरी, पण जर्मनमध्ये सगळी हाबनची. झोपण्यात तर गंमत आहे. झोप लागली तर झाइन, कारण जागेपणातून झोपेत गेलात. झोपून होता तर हाबन. आपण दोन्हीला 'झोपले' म्हणून मोकळे. 'बसले'चं उत्तर कुठे बसलात त्यावर आहे. उत्तरेत आणि परीक्षेत 'हाबे गेझेसन'. दक्षिणेत, ऑस्ट्रियात, स्वित्झर्लंडमध्ये 'बिन गेझेसन', अगदी मराठी पद्धतीने. स्टुटगार्टला जाणाऱ्यांनो, परीक्षा होईपर्यंत हे विसरा.

याच दक्षिणेची आणखी एक कृपा. जर्मनमध्ये दुसरा एक भूतकाळ आहे, प्रेटेरिटुम, एका शब्दाचा, तालेवार. कथा, कादंबऱ्या, वर्तमानपत्रं त्यात चालतात. 'एस वार आइनमाल', आपलं 'आटपाट नगर होतं'. पण दक्षिणेच्या बोलीतून तो कित्येक शतकांपूर्वीच ओसरला, होतो-होती सारखे थोडे अपवाद सोडले तर बोलण्यात उरलेला नाही. ज्यांना तिकडे राहून रोगी सांभाळायचे आहेत त्यांनी तो वाचताना ओळखावा, बोलायच्या भानगडीत सुरुवातीला पडू नये.

'झाइट'कडे मात्र मी कधी दुर्लक्ष करू देत नाही. झाइट म्हणजे 'पासून'. मी तीन वर्षांपासून काम करते: 'इश आर्बाइटे झाइट द्राय यारन'. साधा वर्तमानकाळ, मराठीत जसा तसाच. पण इंग्रजीची सवय पक्की झालेली मुलं तिथला 'हॅव बीन' आठवून पेर्फेक्ट लावतात: 'इश हाबे द्राय यारे गेआर्बाइटेट'. व्याकरणाने चूक नाही. अर्थ मात्र असा होतो की तीन वर्षं काम केलं, आता करत नाही. मुलाखत घेणारी व्यक्ती ते ऐकून पुढचा प्रश्न विचारते, मग नोकरी का सोडलीत? आणि समोरची मुलगी चक्रावते, कारण आदल्या दिवशीच ती रात्रपाळी करून आलेली असते.

भविष्यकाळाला तर मराठी माणसाने घाबरायचं कारणच नाही. उद्या मी येते, असं आपण वर्तमानात म्हणतो, तेही 'मॉर्गन कोमे इश' म्हणतात. त्यांचं खरं भविष्यकाळी रूप, 'वेर्डन' लावून केलेलं, बोलण्यात बरेचदा अंदाजासाठी येतं. 'एर वीर्ट येत्स्ट त्सु हाउझे झाइन': तो आत्ता घरी असेल. असेल! भविष्याचं रूप, गोष्ट आत्ताची, आणि बोलणाऱ्याला खात्री नाही. पुढच्या पातळ्यांवर फुटूर त्स्वाय नावाचा काळ येतो. त्याचं नाव ऐकून लोक वर्ग सोडायचं मनात आणतात. त्याचं सगळ्यात नेहमीचं काम 'पोचला असेल एव्हाना' एवढंच. गाडीत बसवून दिलेल्या माणसाबद्दल आपल्या घरात हे रोज बोललं जातं.

वाक्याच्या क्रमासाठी जर्मन शिकवणारे एक मंत्र देतात, टेकामोलो. आधी केव्हा, मग का, मग कसं, मग कुठे. शिकणारे तो जपासारखा घोकतात. मी फळ्यावर मराठी वाक्य लिहिते: मी काल पावसामुळे रिक्षाने घरी गेले. केव्हा, का, कसं, कुठे, आणि क्रियापद शेवटी. आता जर्मन: 'इश बिन गेस्टर्न वेगन देस रेगन्स मिट देअर रिक्शा नाख हाउझे गेफारन'. शब्दामागून शब्द तसेच. फक्त 'मी'च्या पाठीला 'बिन' चिकटवायचा, कारण जर्मन वाक्यात दुसरी जागा क्रियापदाची राखीव असते, तिथे दुसरं कुणी बसू शकत नाही. इंग्रजीतून गेलात तर हेच वाक्य घरापासून पावसापर्यंत उलटं चालत यावं लागतं.

मग मराठी कुठेच अडत नाही का? अडते. 'परवा'ला त्यांच्याकडे दोन शब्द आहेत, झालेल्या परवाला 'फोरगेस्टर्न', येणाऱ्याला 'युबरमॉर्गन'. आपण एकच शब्द टाकून झालं-होईल ते क्रियापदावर सोपवतो. 'परवा भेटलो', 'परवा भेटू'. मुलं तिथे हमखास पहिला आठवेल तो शब्द लावतात आणि क्रियापद सांभाळून घेईल असं समजतात. जर्मन ऐकणारा मात्र शब्दावर विश्वास ठेवतो.

आणि 'आलोच'. जगातला सगळ्यात आशावादी भूतकाळ. घरून अजून पाऊल न उचललेला माणूस फोनवर सांगतो, आलोच, आणि कुणी त्याला खोटारडा म्हणत नाही. माझ्याकडे शिकून गेलेल्या एकाने घरमालकाला याच भावनेने निरोप पाठवला, 'इश बिन गेकोमन'. मालक खाली उतरला, दार उघडून रस्ता बघत उभा राहिला. हा अजून ट्राममध्ये होता. जर्मन पेर्फेक्ट घडून गेलेल्या गोष्टीशी बांधलेला असतो, त्यात आश्वासन मावत नाही. तिथे म्हणायचं 'बिन ग्लाइश दा', मी लगेच तिथे आहे. नीट पाहिलं तर तीही थापच, फक्त वर्तमानकाळातली.